रंगपटातून विधिमंडळात

इ. स. १८४३ मध्ये सांगली संस्थानचे अधिपती चिंतामणराव ऊर्फ अप्पासाहेब पटवर्धन यांच्या आश्रयाने विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ या आख्यानाचा प्रयोग केला आणि मराठी रंगभूमीची मुहूर्तमेढ रोवली गेली. ही गोष्ट शाळकरी मुलांनाही ठाऊक असते. त्यामागची दुसरी गोष्ट मात्र तितकीशी सांगितली जात नाही. भाव्यांच्या प्रयोगापूर्वी कर्नाटकातील भागवत मंडळींचे खेळ सांगलीस झाले होते, आणि ते पाहूनच तशा प्रकारचे, पण अधिक नेटके खेळ मराठीत रचण्याची आज्ञा अप्पासाहेबांनी भाव्यांना केली. ही मंडळी उत्तर कन्नडच्या किनाऱ्यावरील, होन्नावरजवळच्या करकी गावची. म्हणजे मराठी नाटकाच्या पाळण्याची एक दोरी कानडी मुलखातून आलेली आहे. पुढे १८८० साली पुण्यास ‘शाकुंतल’ रंगभूमीवर आणणारे अण्णासाहेब किर्लोस्करही बेळगाव जिल्ह्यातील गुर्लहोसूरचेच.

हे देणे एकेरी राहिले नाही. सव्वाशे वर्षांनंतर त्याच किनाऱ्याशी नाते असलेल्या एका कोंकणी भाषक सारस्वत कुटुंबातील दोन भाऊ मुंबईस आले, तेथील मराठी, कोंकणी आणि कानडी रंगभूमीवर घडले, आणि मग कर्नाटकात परत जाऊन त्यांनी त्या प्रांताच्या चित्रपटसृष्टीत आपले नाव कोरले. धाकटा शंकर नाग हा १९५४ साली होन्नावरलाच जन्मलेला. थोरला अनंत नाग १९४८ सालचा. नागरकट्टे हे त्यांचे मूळ आडनाव. या दोन भावांपैकी थोरल्याने नटाच्या आयुष्यात आणखी एक अंक जोडला. तो राजकारणात उतरला, बंगळूरच्या मल्लेश्वरम् मतदारसंघातून आमदार झाला, राज्याचा मंत्री झाला, पुढे पराभूत झाला आणि पुन्हा तोंडाला रंग लावून कॅमेऱ्यापुढे उभा राहिला. नटाने राज्यकारभारात शिरावे काय, शिरला तर त्याने बरोबर काय न्यावे आणि परत येताना काय आणावे, या प्रश्नांचा विचार करण्यास हे चरित्र फार उपयोगी आहे.

अनंत नाग यांचे बालपण काही काळ आनंदाश्रमात आणि शिरालीच्या चित्रापूर मठात गेले. स्तोत्रे, भजने आणि संस्कृत उच्चार यांचा संस्कार कानांवर लहानपणीच झाला. पुढे शिक्षणासाठी ते मुंबईस आले, आणि त्या नगरीने त्यांना नट केले. तो काळ मुंबईच्या रंगभूमीच्या मोठ्या उलाढालीचा होता. सत्यदेव दुबे यांच्यासारखा हट्टी आणि साक्षेपी दिग्दर्शक हिंदी आणि मराठीत नवी नाटके उभी करीत होता. अमोल पालेकर, गिरीश कार्नाड ही मंडळी त्याच वर्तुळातली. कोंकणी, कानडी आणि मराठी अशा तीन भाषांत काम करणाऱ्या तरुण नटाला तेथे एक गोष्ट शिकावी लागे. ती म्हणजे, प्रेक्षक बदलला की शब्दांचे वजन बदलते. घरी एक भाषा, मठात दुसरी, तालमीत तिसरी अशा मुलाला ती शिकवण अवघड गेली नसावी.

१९७४ साली श्याम बेनेगल यांचा ‘अंकुर’ प्रदर्शित झाला. तेलंगणातील एका जमीनदाराचा शिकलेला, चांगुलपणाची इच्छा असलेला, पण कसोटीच्या क्षणी भेकड ठरणारा मुलगा सूर्या ही भूमिका अनंत नाग यांनी केली. समोर शबाना आझमी होत्या. सहानुभूती मिळवण्याचा मोह टाळून नटाने केलेली ती भूमिका आजही ताजी वाटते. मग ‘निशांत’, ‘मंथन’ आणि हंसा वाडकरांच्या आत्मकथनावर आधारलेला ‘भूमिका’ हे चित्रपट आले. तिकडे कानडीत १९७५ साली जी. व्ही. अय्यर यांचा ‘हंसगीते’ आला. त्यात त्यांनी संगीताला सर्वस्व वाहणाऱ्या गायकाचे जीवन उभे केले. पाहता पाहता कानडी घराघरांत ते नाव पोहोचले. शंकर नागही १९७८ साली कार्नाडांच्या ‘ओंदानोंदु कालदल्लि’ या चित्रपटातून पुढे आला. पुण्यातील चाफेकर बंधूंच्या कृत्यावर नचिकेत आणि जयू पटवर्धन यांनी १९७९ साली जो ‘२२ जून १८९७’ हा मराठी चित्रपट केला, त्याच्या पटकथेत शंकरचा हात होता. आणि १९८६ साली दूरदर्शनवर सुरू झालेल्या ‘मालगुडी डेज’ या मालिकेमुळे दोघेही भाऊ साऱ्या देशास परिचित झाले.

अशा माणसास राजकारणाची ओढ का लागावी? त्याचे उत्तर त्या काळात आहे. १९७५ च्या आणीबाणीने कलावंतांच्या जगालाही हादरा दिला होता. बंगळूरच्या मध्यवर्ती तुरुंगात ‘संस्कार’ या गाजलेल्या चित्रपटाची नायिका स्नेहलता रेड्डी ही अभिनेत्री कैदेत होती. दम्याने पोखरलेल्या त्या बाईची जानेवारी १९७७ मध्ये सुटका झाली आणि काही दिवसांतच तिचा अंत झाला. महाराष्ट्रात त्याच वर्षी पु. ल. देशपांडे यांनी निवडणुकीच्या सभांतून जनता पक्षासाठी भाषणे केली आणि लोक सत्तेवर येताच ते आपल्या लेखणीकडे परतले. राजकारण हे आपले काम नव्हे, असे म्हणणाऱ्या पुष्कळांना त्या दोन वर्षांनी आपले मत बदलावयास लावले. आपण गप्प बसलो तर आपल्यासाठी दुसरेच कोणी बोलेल, हे कलावंताला उमगले.

कर्नाटकात याचे पडसाद काहीसे उशिरा, पण मोठ्याने उमटले. जानेवारी १९८३ च्या निवडणुकीत त्या राज्यात प्रथमच काँग्रेसेतर सरकार आले आणि रामकृष्ण हेगडे मुख्यमंत्री झाले. या निवडणुकीत नाग बंधू जनता पक्षाच्या प्रचारात होते. याच महिन्यात शेजारच्या आंध्र प्रदेशात एन. टी. रामाराव मुख्यमंत्री झाले. त्यांचा तेलुगू देसम पक्ष अवघ्या नऊ महिन्यांपूर्वी, मार्च १९८२ मध्ये जन्मला होता. तमिळनाडूत एम. जी. रामचंद्रन १९७७ पासून मुख्यमंत्रिपदावर होते. दक्षिणेत जणू नटांचेच राज्य येत होते, आणि त्या वेळी कर्नाटकातील सर्वांत मोठ्या नटाने, डॉ. राजकुमार यांनी, काय करावे याकडे सर्वांचे डोळे लागले होते. १९८२ च्या गोकाक चळवळीत कानडी भाषेच्या हक्कासाठी त्यांच्या एका हाकेसरशी लाखो लोक रस्त्यावर आले होते. पक्ष काढणे त्यांना अशक्य नव्हते. त्यांनी तो काढला नाही, निवडणूक लढवली नाही, कोणतेही पद घेतले नाही.

येथे तीन वाटा स्पष्ट दिसतात. रामचंद्रन आणि रामाराव यांनी पडद्यावरची प्रतिमाच राजकारणात आणली. गरिबांचा कैवारी किंवा पुराणातला देव म्हणून ज्याला वर्षानुवर्षे पाहिले, त्याला मत देताना मतदाराला उमेदवार वेगळा वाटलाच नाही. राजकुमारांनी प्रतिमेचे सामर्थ्य ओळखले आणि ते सत्तेस लावण्याचे नाकारले. अनंत नाग यांनी तिसरी वाट धरली. त्यांनी स्वतःचा पक्ष काढला नाही. एका अस्तित्वात असलेल्या पक्षात, त्याच्या शिस्तीत, एक कार्यकर्ता म्हणून ते गेले. आणि त्यांच्या पडद्यावरच्या प्रतिमेत देवत्व नव्हतेच. ‘अंकुर’मधला भेकड मुलगा किंवा विनोदी चित्रपटांतला गोंधळलेला भाडेकरू यांना मतदार आरती ओवाळीत नाही. मते मागायची तर ती माणूस म्हणूनच मागावी लागणार होती.

मराठी माणसाला या तिसऱ्या वाटेचे आश्चर्य वाटू नये. आचार्य अत्रे हे नाटककार, चित्रपटकार आणि वक्ते. ‘श्यामची आई’ या त्यांच्या चित्रपटाला राष्ट्रपतींचे पहिले सुवर्णपदक मिळाले, आणि १९५७ साली संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात ते मुंबईतून विधानसभेवर निवडून गेले. निळू फुले पडद्यावर सत्तांध पाटील रंगवीत आणि पडद्याबाहेर राष्ट्र सेवा दलाचे आणि समाजवादी चळवळीचे काम करीत. आजच्या काळात छत्रपती संभाजीराजांची भूमिका करणारे डॉ. अमोल कोल्हे २०१९ आणि २०२४ साली शिरूरमधून लोकसभेवर निवडून आले. परदेशातही उदाहरणे आहेत. युगोस्लाव्हियातून क्रोएशिया वेगळा होत असता, १९९० ते १९९३ या धामधुमीच्या वर्षांत त्याच्या राजधानीचे, झाग्रेबचे महापौरपद बोरिस बुझांचिच या रंगभूमी आणि चित्रपट अशा दोन्ही क्षेत्रांतील नटाने सांभाळले. नगराचा कारभार आणि नट यांची गाठ केवळ बंगळूरलाच पडली असे नाही.

राजकारणात प्रत्यक्ष शिरण्यापूर्वी अनंत नाग यांनी एक भूमिका केली होती, तिचा उल्लेख येथे आवश्यक आहे. यु. आर. अनंतमूर्ती यांच्या कथेवरून एम. एस. सथ्यू यांनी ऐंशीच्या दशकाच्या आरंभी ‘बर’ हा कानडी चित्रपट केला. ‘बर’ म्हणजे दुष्काळ. मराठवाड्याला लागून असलेल्या बिदरच्या कोरड्या मुलखात घडणारी ही कथा. आपला जिल्हा दुष्काळग्रस्त म्हणून जाहीर व्हावा यासाठी धडपडणारा तरुण जिल्हाधिकारी हे त्यातले मध्यवर्ती पात्र. त्याचा हेतू शुद्ध आहे, बुद्धी तल्लख आहे, आणि तरीही सत्तेचे डावपेच त्याच्या पायाखालची वाळू सरकवीत नेतात. लोकांची तहान ही राजधानीतल्या सोंगट्यांच्या खेळात एक सोंगटी होऊन बसते. ही भूमिका जो नट इतक्या समजुतीने करू शकला, त्याला राज्यकारभाराचे स्वरूप ठाऊक नव्हते असे म्हणता येणार नाही. ठाऊक असूनही तो त्यात गेला, हे महत्त्वाचे.

मधल्या काळात नियतीने एक घाव घातला. ३० सप्टेंबर १९९० रोजी दावणगेरेजवळ झालेल्या मोटार अपघातात शंकर नाग मृत्यू पावला. वय अवघे पस्तीस वर्षांचे. नट आणि दिग्दर्शक म्हणून त्याची थोरवी मोठी होतीच, पण त्याच्या डोक्यात शहराचे विचारही घोळत असत. बंगळूरला भुयारी रेल्वे असावी, नंदीच्या डोंगरावर दोरवाट असावी, असल्या कल्पना तो त्या काळी मांडीत असे, आणि ऐकणाऱ्यांना त्या नटाच्या लहरी वाटत. शंकरच्या पत्नी अरुंधती नाग यांनी पुढे २००४ साली बंगळूरच्या जे. पी. नगरात ‘रंगशंकर’ हे नाट्यगृह उभे करून त्याची एक स्मृती जागती ठेवली. त्याची दुसरी स्मृती थोरल्या भावाच्या वाट्यास वेगळ्याच रीतीने आली.

विधान परिषदेचे सदस्यत्व भूषविल्यानंतर, १९९४ च्या निवडणुकीत जनता दलाचे उमेदवार म्हणून अनंत नाग मल्लेश्वरम् येथून विधानसभेवर निवडून आले. या मतदारसंघाशीही मराठी इतिहासाचा एक धागा जोडलेला आहे. बंगळूर ही शहाजीराजांची जहागीर होती, आणि ज्या काडु मल्लेश्वराच्या देवळावरून या वस्तीस नाव मिळाले, त्या देवळाला व्यंकोजीराजांनी दिलेल्या दानाचा १६६९ चा शिलालेख प्रसिद्ध आहे. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी प्लेगच्या साथीनंतर वसवलेली ही शांत, झाडांची, सुशिक्षितांची वस्ती. येथला मतदार नटाला पाहण्यास गर्दी करील, पण त्याला मत देताना दोन प्रश्न विचारील, अशा स्वभावाचा.

१९९६ च्या मे महिन्याच्या अखेरीस देवेगौडा पंतप्रधानपद स्वीकारण्यास दिल्लीला निघाले आणि जे. एच. पटेल कर्नाटकाचे मुख्यमंत्री झाले. पटेल हे जुने समाजवादी, विनोदी आणि मोकळ्या स्वभावाचे. त्यांच्या मंत्रिमंडळात अनंत नाग यांच्याकडे बंगळूर नगरविकासाचे खाते आले. हे पद ऐकावयास मोठे, आणि चालवावयास बिकट. १९९१ च्या खानेसुमारीत सुमारे ४१ लाखांची असलेली ही नगरी २००१ पर्यंत सुमारे ५७ लाखांवर गेली. होसूर रस्त्यावरील इलेक्ट्रॉनिक्स सिटीत संगणकाचा व्यवसाय वाढत होता, आणि त्याच्याही पलीकडे, आनेकल तालुक्यातील बोम्मसंद्रासारखी गावे कारखान्यांची वसाहत होऊन शहराच्या दिशेने हात पसरीत होती. नगर वाढत होते, पण ते एका हाताने चालत नव्हते. गटारे आणि गल्ल्या महापालिकेच्या, नवे भूखंड विकास प्राधिकरणाचे, पाणी वेगळ्या मंडळाचे, वीज आणखी निराळ्या मंडळाची, बसगाड्या परिवहन महामंडळाच्या. पाणी तर सुमारे शंभर किलोमीटर दूर असलेल्या कावेरीतून सुमारे पाचशे मीटर उंचीवर चढवून आणावयाचे. मंत्र्याच्या आसनावर बसलेल्या माणसाच्या एका इशाऱ्यावर यातले काहीच हलत नाही.

नटाला हा अनुभव विशेष जाचक होतो. नाटकात तालीम असते, दिग्दर्शक असतो, संहिता सर्वांच्या हाती एकच असते, आणि तिसरी घंटा झाली की पडदा वर जातोच. शासनात पाच जणांच्या हाती पाच संहिता असतात आणि पडदा उघडण्याची वेळ कोणीच ठरवीत नाही. त्या वर्षांत बंगळूरसाठी उन्नत मार्गावरून धावणाऱ्या हलक्या रेल्वेची योजना शासनापुढे होती. तिच्यासाठी १९९४ साली एक कंपनीही स्थापन झाली होती. खाजगी भांडवल आणि शासन यांची सांगड घालून ती पुरी करावयाची होती. ती झाली नाही. पैसा कोणी घालावा, जोखीम कोणी सोसावी, या प्रश्नांत ती विरून गेली, आणि १९९९ साली पटेल सरकारच सत्तेवरून गेले. धाकट्या भावाने बोलून दाखविलेले स्वप्न थोरल्या भावाच्या खात्याच्या टेबलावर आले, आणि तेथून कागदांच्या रूपातच परत गेले, असा हा प्रसंग.

२००४ साली अनंत नाग यांनी पुन्हा निवडणूक लढविली. या वेळी मतदारसंघ होता जुन्या बंगळूरातला चामराजपेठ, जेथे कन्नड साहित्य परिषदेचे कार्यालय आहे. पक्ष होता धर्मनिरपेक्ष जनता दल, आणि समोर होते साक्षात मावळते मुख्यमंत्री एस. एम. कृष्णा. लढत विषम होती. अनंत नाग पराभूत झाले. ज्या नटाला लोक घरातला माणूस मानीत, त्याला लोकांनी मत दिले नाही. नटावरचे प्रेम आणि उमेदवारावरचा विश्वास ही दोन नाणी वेगवेगळ्या टांकसाळीत पडतात, हे यावरून कळावे. लोकशाहीच्या दृष्टीने ही गोष्ट शुभ आहे. जेथे मतदार नटाला कधीच पाडीत नाही, तेथे तो मतदार राहत नाही, प्रेक्षकच राहतो.

मग त्यांनी जे केले ते अधिक मोलाचे. ते परतले. एका निवडणुकीने हरलेला पुढारी पुष्कळदा दुसरा पक्ष शोधतो, तिसरे पद मागतो, आणि आयुष्याची संध्याकाळ दारोदार घालवितो. अनंत नाग यांच्यापाशी परत जाण्यासारखे काहीतरी होते. राजकारणाच्या दिवसांतही अभिनय त्यांनी पुरता सोडलेला नव्हता. २००३ साली अमोल पालेकरांच्या ‘अनाहत’ या मराठी चित्रपटात त्यांनी राजाची भूमिका केली होती. राजवंशाला वारस हवा म्हणून राज्याच्या परंपरेपुढे आपल्या पत्नीला गमावून बसणारा, सिंहासनावर असूनही हतबल झालेला तो राजा होता. सत्ता म्हणजे काय, आणि ती असूनही माणसाच्या हातात किती थोडे असते, हे त्या डोळ्यांत दिसे. मुंबईच्या तालमींत जुळलेली मैत्री अशी तीस वर्षांनी मराठी पडद्यावर पुन्हा भेटली. २००६ च्या ‘मुंगारु मळे’ने त्यांना नव्या पिढीपर्यंत नेले, आणि २०१६ साली स्मृतिभ्रंशाने ग्रासलेल्या, घरातून हरवलेल्या वृद्धाची भूमिका करून त्यांनी अभिनयाचा कळस गाठला. २०२५ साली भारत सरकारने त्यांना पद्मभूषण किताब दिला. तो कलेच्या क्षेत्रातील कामासाठी दिला, हे लक्षात घेण्याजोगे आहे.

मग त्या मंत्रिपदाच्या वर्षांचे काय? ती वाया गेली असे म्हणावे काय? याचा निवाडा करण्यापूर्वी शहराकडे पाहावे. हलक्या रेल्वेची योजना बारगळली, पण गरज बारगळली नाही. पुढच्या सरकारांनी तिचा नवा आराखडा केला. जून २००६ मध्ये कामाचा प्रारंभ झाला, आणि २० ऑक्टोबर २०११ रोजी बंगळूरची पहिली मेट्रो गाडी धावली. होसूर रस्त्यावर १० ऑगस्ट २०२५ रोजी पिवळी मार्गिका सुरू झाली. तिची लांबी सुमारे १९ किलोमीटर, स्थानके सोळा, आणि तिचे दक्षिणेकडील शेवटचे स्थानक बोम्मसंद्रा. या वाटेवर होंगसंद्र, सिंगसंद्र अशी आणखी गावे लागतात. ‘संद्र’ हा ‘समुद्र’ या शब्दाचाच झिजलेला अवशेष होय. मोठ्या तळ्याला कानडी मुलखात समुद्र म्हणत, आणि त्या तळ्याच्या काठची ही गावे. तळी आटली, बुजली, कारखाने आले, रुग्णालये आली, आणि आता खांबांवरून गाडी आली.

या गाडीचे श्रेय कोणा एका माणसाला देणे इतिहासाला धरून होणार नाही. अनेक मंत्री, अनेक अभियंते, अगणित मजूर आणि चार-पाच सरकारे तिच्यामागे आहेत. त्यात कल्पना बोलून दाखविणारा एक तरुण नट होता, आणि ती कल्पना शासनाच्या दारात अडकलेली पाहणारा त्याचा थोरला भाऊ मंत्री होता. नाटकात भूमिका लहान असली तरी ती वेळेवर करावी लागते आणि वेळेवर रंगमंचावरून निघावेही लागते. राजकारणात येणाऱ्या कलावंतांपैकी पहिली गोष्ट पुष्कळांना साधते. दुसरी फार थोड्यांना साधते. अनंत नाग यांना ती साधली, आणि म्हणून त्यांचे नाव आजही बंगळूरात आणि मुंबईत नट म्हणूनच प्रथम घेतले जाते.